दर्यावरचे शब्द आणि शाळेतील भाषा

(सागरकिनाऱ्यावरील प्राथमिक शिक्षकांच्या संमेलनात झालेले भाषण)



दक्षिण कोकणात खाडीच्या मुखाशी वसलेल्या एका गावातील शाळेत घडलेला प्रसंग आजच्या विषयाच्या आरंभी सांगणे उचित होईल. शिक्षक घाटावरचे, नुकतेच बदलून आलेले. वर्गात भूगोलाचा पाठ चालला होता. "मतलई वारे म्हणजे काय?" असा प्रश्न त्यांनी विचारला. मासेमारी करणाऱ्या कुटुंबातील एक मुलगा उभा राहिला आणि खाली मान घालून स्तब्ध झाला. दुसऱ्या दिवशी तोच प्रश्न, तोच मुलगा आणि तेच मौन. "अभ्यासात लक्ष नाही," असा शेरा त्याच्या वहीवर पडला.

पुढे हा मुलगा चार दिवस शाळेत आला नाही, म्हणून शिक्षक चौकशीस त्याच्या घरी गेले. मुलाचे आजोबा वाळूवर बसून जाळे दुरुस्त करीत होते. मुलाला ताप होता आणि आता तो उतरला होता. बोलता बोलता होडीचा विषय निघाला. होडी बाहेर केव्हा काढता, असे शिक्षकांनी सहज विचारले. आजोबांनी जाळ्यावरची नजर न हलविता उत्तर दिले, "मतलई सुटली काय भायर पडूचा, नि खारो वारो लागलो काय घराक येवचा."

शिक्षक चकित झाले. त्यांनी मुलाला जवळ बोलाविले आणि मतलईविषयी विचारले. मुलगा मोकळेपणाने बोलू लागला. रात्र सरता सरता डोंगराच्या बाजूने गार वारा येतो. आभाळ भरलेले असले की तो नीट सुटत नाही. उन्हे वर आली की तो पडतो. मग काही वेळ समुद्र तेलासारखा निपचित राहतो आणि त्यानंतर समोरून खारा वारा येऊ लागतो. पुस्तकात चार ओळी होत्या. मुलाजवळ त्याहून कितीतरी अधिक होते. "मग हे वर्गात का सांगितले नाहीस?" या प्रश्नावर तो म्हणाला, "गुरुजी, तो पुस्तकातलो मतलई. माका वाटला, तो येगळो आसतलो."

या एका वाक्याचा विचार प्रत्येक शिक्षकाने करण्याजोगा आहे. पाठ्यपुस्तकातील शब्द त्या मुलाच्या घरचाच होता. त्याच्या आजोबांच्या आजोबांनी तो वापरला होता, आणि भूगोलाच्या पुस्तकात तो किनाऱ्यावरूनच गेला होता. परंतु शाळेत जे बोलले जाते ते निराळे आणि घरी जे बोलले जाते ते निराळे, अशी समजूत मुलाच्या मनात रुजल्यामुळे स्वतःच्याच शब्दापुढे तो परक्यासारखा उभा राहिला. दोष मुलाचा नव्हता. शिक्षकाचाही हेतू वाईट नव्हता. त्याला शब्दाची व्याख्या ठाऊक होती. शब्दाचे घर ठाऊक नव्हते. नाविकांच्या परिभाषेची ओळख शिक्षकाला का असावी, याचे उत्तर या प्रसंगात आहे.

नौकेची अंगे

धंद्यातील शब्द हे धंद्याच्या हत्यारांसारखेच असतात. सुताराला रंधा आणि पटाशी यांत गोंधळ करून चालत नाही. तसेच वादळात सापडलेल्या तांडेलाला एका कामासाठी दोन शब्द किंवा दोन कामांसाठी एक शब्द परवडत नाही. हुकूम तत्क्षणी कळला पाहिजे. म्हणून नाविकांचे शब्द थोडे, आखूड आणि नेमके असतात. त्यांचा अर्थ समजावून घेण्याचा खरा मार्ग म्हणजे ज्या वस्तूला ते लागू होतात तिचे कार्य समजावून घेणे.

नौकेची बांधणी तळापासून सुरू होते. तळाशी या टोकापासून त्या टोकापर्यंत जे लांब व बळकट लाकूड असते त्याला किनाऱ्यावर 'पठाण' म्हणतात. माणसाच्या पाठीला कणा, तसे नौकेला पठाण. सर्व वाकडी लाकडे त्यावर बरगड्यांप्रमाणे उभी राहतात आणि त्यांच्यावर फळ्या ठोकल्या जातात. एखाद्या मुलाने निबंधात "आमच्या होडीचा पठाण सागवानी आहे" असे लिहिले, तर या शब्दाची माहिती नसलेला शिक्षक त्यावर तांबडी रेघ ओढील. पठाण म्हणजे एका लोकसमूहाचे नाव एवढेच त्याला माहीत असते.

नौकेच्या पुढच्या टोकाला 'नाळ' म्हणतात. नाळ हा शब्द मराठीत इतरत्रही आहे. अर्भकाची नाळ असते, घोड्याच्या टापेला नाळ ठोकतात. एकाच उच्चाराचे तीन शब्द तीन ठिकाणी तीन कामे करतात, हे मुलांना दाखवून देण्यास याहून चांगले उदाहरण मिळणे कठीण.

नौकेवर उभी असते ती 'डोलकाठी'. तिला तिरकस टांगलेल्या लांब आडकाठीस 'परबाण' म्हणतात आणि परबाणाला 'शीड' बांधलेले असते. मोठ्या नौकेवर मागील बाजूस दुसरी, लहान डोलकाठी असते. तिला 'कलमी' हे नाव आहे. शीड म्हणजे वाऱ्याला अडविणारे कापड, एवढीच समजूत सामान्यतः असते. मागून येणाऱ्या वाऱ्याच्या बाबतीत ती खरी आहे. परंतु परबाणावरचे तिरपे शीड बाजूने येणारा वाराही उपयोगात आणते. वारा नौकेला आडवी ढकलू पाहतो. पाण्यात बुडालेला तळ व पठाण त्या आडव्या सरकण्याला विरोध करतात आणि नौका पुढे सरकते. वारा अगदी समोरून असेल तर मात्र सरळ जाणे अशक्य असते. तेव्हा एकदा डाव्या अंगाने, एकदा उजव्या अंगाने, अशी नागमोडी वाट काढीत नौका पुढे न्यावी लागते. वाऱ्याला जिंकता येत नाही, परंतु त्याच्याशी जुळवून घेऊन त्याच्याविरुद्ध जाता येते, हे ज्ञान किनाऱ्यावरील निरक्षर माणसाने शतकानुशतके हाताळले आहे.

नौकेला दिशा देते ते 'सुकाणू'. मागील बाजूस पाण्यात उभी असलेली ही फळी डावीकडे वळविली की पाण्याचा प्रवाह तिच्यावर आदळून नौकेचा मागचा भाग उजवीकडे सरकतो आणि नाळ डावीकडे वळते. यात एक मर्म आहे. नौका पाण्यात चालत असेल तरच सुकाणू कामाचे. थांबलेल्या नौकेचे सुकाणू कितीही फिरविले तरी ती वळत नाही.

'नांगर' हा शब्द तर शेतकऱ्याच्या आणि नाविकाच्या मुलांमध्ये वाटला गेला आहे. घाटावरच्या शाळेत 'नांगराचे चित्र काढा' म्हटले की मुले औत काढतील. बंदरातील शाळेत अणकुचीदार पाकळ्यांचा लोखंडी आकडा काढतील. दोन्ही चित्रे बरोबर आहेत. शेताचा नांगर जमिनीत घुसतो तो जमीन फाडण्यासाठी, समुद्राचा नांगर तळात रुततो तो नौका जागी धरण्यासाठी. फारसीत नौकेच्या नांगरास 'लंगर' म्हणतात. मराठीत दोन्ही वस्तूंना एकच नाव आहे. नांगराची दोरी पाण्याच्या खोलीपेक्षा पुष्कळ लांब सोडावी लागते. दोरी आखूड ठेवली तर ओढ वरच्या दिशेने बसून नांगर उखडतो. लांब सोडली तर ओढ आडवी बसते आणि पाकळ्या अधिकच रुततात.

आणखी एक शब्द विशेष लक्षात घेण्यासारखा आहे. रिकामी नौका पाण्यावर हलकी होते आणि वाऱ्याच्या झोताने कलंडण्याचा धोका असतो. म्हणून तिच्या तळाशी दगड किंवा वाळू भरतात. या भाराला 'नीरम' म्हणतात. नीरम विकता येत नाही, त्याचे भाडे मिळत नाही. वरवर पाहता ते निरुपयोगी ओझे दिसते. परंतु नौका सरळ उभी राहते ती त्याच्यामुळे.

वारा आणि पाणी

नौकेच्या अंगांनंतर ज्यांच्यावर तिचे चालणे अवलंबून असते त्या वाऱ्याकडे व पाण्याकडे वळावे. मतलई आणि खारा वारा यांचे कारण पाठ्यपुस्तकात दिलेले असते. जमीन लवकर तापते व लवकर निवते. पाणी सावकाश तापते व सावकाश निवते. दिवसा तापलेल्या जमिनीवरची हवा वर जाते आणि समुद्रावरची हवा तिची जागा घेते, तो खारा वारा. रात्री उलट होते, तो मतलई. किनाऱ्यावरच्या माणसाने या नियमावर आपला दिवस बेतला होता. शिडाच्या दिवसांत पहाटेच्या अंधारात मतलईवर होड्या बाहेर जात आणि दुपारनंतर खाऱ्या वाऱ्यावर परत येत. जाताना आणि येताना दोन्ही वेळा वारा पाठीशी. अरब नाविक ताऱ्यांच्या उगवण्याच्या जागेला 'मतला' म्हणत, ही गोष्ट येथे लक्षात घेण्यासारखी आहे. कोकणचा मतलई वाराही उगवतीकडूनच येतो.

भरती व ओहोटी हे शब्द सर्वांस परिचित आहेत. परंतु भरतीचे दोन प्रकार आहेत आणि त्यांना स्वतंत्र नावे आहेत. अमावास्या व पौर्णिमा यांच्या सुमारास सूर्य आणि चंद्र यांची ओढ एका रेषेत येते. तेव्हा पाणी अधिक चढते आणि अधिक उतरते. ते 'उधाण' होय. अष्टमीच्या सुमारास दोहोंची ओढ काटकोनात येते. पाणी फारसे चढत नाही व फारसे उतरतही नाही. तो 'भांग' होय. उधाणाची भरती आणि भांगाची भरती हे शब्द भूगोलाच्या पुस्तकात आले आहेत. परंतु घाटावरच्या मुलाला भांग म्हणजे केसांचा, एवढेच ठाऊक. किनाऱ्यावरच्या मुलाला भांगाच्या दिवसांत खाडीतील कोणते खडक उघडे पडत नाहीत, हेही ठाऊक असते.

भरतीची वेळ काढण्याची एक जुनी रीत कोकणात चालत आली आहे. तिथीची पाऊणपट करावी, म्हणजे भरती पूर्ण होण्याचा तास मिळतो. अष्टमी असेल तर आठाची पाऊणपट सहा. सकाळी व संध्याकाळी सहाच्या सुमारास भरती. पंचमी असेल तर पावणेचार. एकादशी असेल तर सव्वाआठ. शुद्ध आणि वद्य दोन्ही पक्षांना ही रीत लागते. भरतीची वेळ रोज साधारण पाऊण तासाने पुढे जाते, हे त्यामागील तत्त्व. प्रत्यक्षात हा फरक पाऊण तासाहून थोडा अधिक असतो. शिवाय प्रत्येक बंदराची वेळ किंचित निराळी असते. त्यामुळे अर्ध्या-पाऊण तासाचे अंतर पडू शकते आणि नौका हाकारण्यासाठी बंदरावरील वेळापत्रकच पाहावे लागते. परंतु अपूर्णांकांच्या गुणाकाराला याहून जिवंत उदाहरण शोधून सापडणार नाही. जो मुलगा पाऊणकी म्हणताना अडखळतो, तोच मुलगा आजोबांच्या शेजारी बसून बोटांवर भरती काढतो. शिक्षकाने या दोन मुलांची गाठ घालून द्यावयाची आहे.

पाण्याची खोली मोजण्याचे माप 'वाव' हे होय. दोन्ही हात आडवे पसरले असता एका हाताच्या टोकापासून दुसऱ्या हाताच्या टोकापर्यंतचे अंतर म्हणजे एक वाव; सुमारे सहा फूट, म्हणजे साधारण १.८ मीटर. दोरीला शिशाचे वजन बांधून ती पाण्यात सोडतात, आणि वर ओढून घेताना हातांनी वाव मोजतात. माणसाची वाव त्याच्या उंचीइतकीच असते, ही गोष्ट वर्गातील मुलांना एकमेकांस मोजून पाहता येईल.

माणसे आणि इतिहास

नौकेवरील माणसांची नावेही अर्थपूर्ण आहेत. मालक किंवा मुख्य तो 'नाखवा', नौका चालविणारा व खलाशांवर हुकूम करणारा तो 'तांडेल', आणि हाताखाली काम करणारे ते 'खलाशी'. नाखवा हा मूळ फारसी 'नाखुदा'. त्याचा अर्थ नौकेचा धनी. बंदर आणि दर्या हेही फारसी शब्द. सुकाणू अरबी 'सुक्कान'वरून आले. पावसाळी वाऱ्यांना आज मोसमी वारे म्हणतात. त्यातील 'मोसम' हा अरबी शब्द असून त्याचा अर्थ ऋतू, ठराविक काळ. आरमार हा शब्द पोर्तुगीजांच्या 'आर्मादा'चे मराठी रूप आहे. दिशा दाखविणाऱ्या यंत्राला नाविक 'होका' म्हणत. त्याला संस्कृत 'यंत्र' जोडून 'होकायंत्र' झाले.

परक्या शब्दांची ही गर्दी पाहून कोणास विषाद वाटण्याचे कारण नाही. समुद्रावर भिंती नसतात. एकाच मोसमी वाऱ्यावर अरब, इराणी, गुजराती, कोकणी आणि मलबारी नौका ये-जा करीत होत्या. एकमेकांच्या नौकांवर कामाला राहत होत्या. त्या सहवासात जो शब्द कामाला सोयीचा तो सर्वांनी उचलला. मराठीने तो आपल्या उच्चाराच्या साच्यात घातला आणि आपला केला.

इतिहासाचा पाठ शिकवितानाही या शब्दांचे साहाय्य होते. शिवछत्रपतींनी २५ नोव्हेंबर १६६४ रोजी मालवणजवळील बेटावर सिंधुदुर्गाच्या बांधकामास आरंभ केला आणि मराठ्यांचे आरमार उभे केले, हे मुले पाठ म्हणतात. परंतु आरमारात होते काय? 'गुराब' आणि 'गलबत' यांतील भेद सांगितल्याशिवाय ते चित्र डोळ्यांसमोर येत नाही. गुराब ही दोन किंवा तीन डोलकाठ्यांची, निमुळत्या लांब नाळेची, तोफा वाहणारी लढाऊ नौका. अरबीत 'गुराब' म्हणजे कावळा. गलबत तिच्याहून लहान व हलके. शिडाबरोबर चाळीस-पन्नास वल्हीही त्याला असत. वारा पडला की गुराब जागच्या जागी राही. मग गलबते वल्हवीत पुढे येत आणि गुराबेला दोरांनी ओढून नेत. कान्होजी आंग्रे यांच्या आरमाराने मोठ्या परदेशी जहाजांना किनाऱ्यालगतच्या पाण्यात जेरीस आणले, त्यात गुराब व गलबत यांच्या या जोडीचा वाटा मोठा होता. अठराव्या शतकाच्या पूर्वार्धातील रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात आरमाराला राज्याचे स्वतंत्र अंग मानले आहे. आरमारासाठी लाकूड तोडताना रयतेच्या आंबा-फणसाच्या झाडांना हात लावू नये, ही ताकीदही त्यात आहे. नौकेचा पठाण कशाचा, हा प्रश्न अशा रीतीने रयतेच्या अंगणातील झाडापर्यंत जाऊन पोहोचतो.

घाटावरच्या बोलण्यात समुद्र

हे सर्व किनाऱ्यावरच्या शिक्षकांपुरते आहे, असे कोणी समजू नये. ज्याने समुद्र पाहिला नाही त्याच्याही बोलण्यात समुद्र आहे. संस्थेचे सुकाणू कोणाच्या तरी हाती असते. उत्साहाला उधाण येते. श्रीमंतीला ओहोटी लागते. माणसाचे तारू भरकटते आणि कधी किनाऱ्याला लागते. कोणाच्या शिडात वारा भरतो, कोणाच्या शिडातला वारा काढून घेतला जातो. हे वाक्प्रचार मुले वाक्यात उपयोग करण्यासाठी पाठ करतात आणि परीक्षा संपताच विसरतात. ज्या मुलाला ठाऊक आहे की थांबलेल्या नौकेचे सुकाणू व्यर्थ असते, तो 'सुकाणू हाती घेणे' हा प्रयोग कधीही चुकीच्या जागी करणार नाही. उधाण अमावास्या-पौर्णिमेला येते आणि चार-सहा दिवसांनी ओसरते, हे ज्याने पाहिले आहे, त्याला उत्साहाचे उधाण म्हणजे काय आणि ते किती टिकते, हे निराळे सांगावे लागत नाही. वस्तू डोळ्यांपुढे असली म्हणजे शब्द जिभेवर आपोआप नीट बसतो.

बदललेला काळ

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात होड्यांवर यंत्रे आली. वाऱ्याची वाट पाहणे संपले. कष्ट कमी झाले, दूर जाता येऊ लागले, वादळाच्या आधी परतता येऊ लागले. यात वाईट काही नाही. जुन्या नौकेतील धोके आणि हाल ज्यांनी भोगले त्यांना शिडाचे कौतुक सांगत बसणे शोभणार नाही. परंतु शीड गेले तेव्हा परबाण हा शब्द गेला, कलमी गेली. नव्या पिढीतील पुष्कळ मुलांना ते ठाऊक नाहीत. याउलट मतलई, भांग, उधाण, नांगर, वाव, तांडेल हे शब्द अजून नित्याच्या वापरात आहेत. पावसाळ्यापूर्वी होड्या वर ओढून शाकारून ठेवण्याची लगबगही दरवर्षी असते. सध्या १ जून ते ३१ जुलै हा मासेमारीबंदीचा काळ आहे. नारळी पौर्णिमेला दर्याला नारळ अर्पण करण्याची रीत कायम आहे. बंदीच्या या दोन महिन्यांत नाखवे व तांडेल घरी असतात, आणि नेमकी तेव्हाच शाळा सुरू झालेली असते. ही संधी शिक्षकाने ओळखावी.

मोल्सवर्थ यांच्या मराठी-इंग्रजी कोशात (पहिली आवृत्ती १८३१, दुसरी १८५७) आणि दाते-कर्वे यांच्या महाराष्ट्र शब्दकोशात (१९३२ ते १९३८) असे पुष्कळ शब्द नोंदलेले आहेत. परंतु कोशात शब्द टिकतो तो सुकवून ठेवलेल्या पानासारखा. तो हिरवा राहतो तो बोलणाऱ्याच्या तोंडी.

शिक्षकाने काय करावे

या दृष्टीने प्रत्यक्ष वर्गात करण्यासारख्या काही गोष्टी पुढे दिल्या आहेत. यांपैकी एकीलाही खर्च लागत नाही.

१. प्रत्येक वर्गाची एक शब्दवही ठेवावी. मुलाने घरून आणलेला शब्द, तो कोणत्या वस्तूला किंवा कामाला लावतात, आणि तो कोणी सांगितला, एवढे तीन रकाने पुरेत. शब्द ज्या उच्चारात आला त्याच उच्चारात लिहावा. त्याचे शुद्धीकरण करू नये. पुस्तकातील रूप निराळे असेल तर ते शेजारी लिहावे, त्याच्या जागी लिहू नये.

२. वर्षातून एकदा गावातील अनुभवी तांडेलास शाळेत बोलवावे. त्यांना खुर्ची द्यावी आणि त्या तासाला शिक्षकाने मुलांबरोबर बसून ऐकावे. आपल्या आजोबांकडून गुरुजी काही शिकत आहेत, हे दृश्य मुलाने एकदा पाहिले म्हणजे शाळेविषयीची त्याची अर्धी भीती जाते.

३. नीरम समजावून देण्यास एक रिकामी बाटली आणि मूठभर वाळू पुरते. बुचाची बाटली पाण्यावर आडवी पडते. तळाशी वाळू घातली की उभी राहते. नारळाच्या करवंटीत काडी रोवून व तिला पिंपळाचे पान लावून शीडही दाखविता येते. फुंकर मागून, बाजूने आणि समोरून घालून काय होते, ते मुलांनी पाहून लिहावे.

४. एक महिनाभर रोजची तिथी, पाऊणकीने काढलेली भरतीची वेळ आणि घरच्या माणसांनी सांगितलेली प्रत्यक्ष वेळ यांचा तक्ता भिंतीवर लावावा. अंतर का पडते, याची चर्चा करावी. मात्र या गणितावर विसंबून मुलांना पाण्यात किंवा उघड्या खडकांवर नेऊ नये. निरीक्षण काठावरून आणि जाणत्या माणसाच्या सोबतीने करावे.

५. ज्या शिक्षकांची शाळा समुद्रापासून दूर आहे त्यांनी हीच रीत कुंभार, विणकर, सुतार, धनगर आणि शेतकरी यांच्या शब्दांना लावावी. ज्या गावाला समुद्र नाही त्या गावालाही धंदा असतोच, आणि त्या धंद्याचे शब्द कोणा ना कोणा मुलाच्या घरी असतातच.

एक इशाराही देणे अवश्य आहे. गावची भाषा शिकवावी आणि प्रमाण भाषा टाळावी, असा याचा अर्थ कोणी घेऊ नये. तसे करणे म्हणजे त्या मुलाला पुन्हा वाळूवरच बसवून ठेवणे होय. प्रमाण भाषा त्याला आलीच पाहिजे. तिच्यावाचून पुढचे शिक्षण नाही, अर्ज नाही, नोकरी नाही. परंतु नवी फळी जुन्या फळीला जोडूनच नौका वाढते. जुन्या फळ्या उपटून नव्या लावू पाहणारा कारागीर नौका बांधीत नसून मोडीत असतो.

आरंभी सांगितलेल्या शाळेतील हकिकत येथे पुरी केली पाहिजे. त्या भेटीनंतरच्या सोमवारी शिक्षकांनी तोच पाठ पुन्हा घेतला. प्रश्न मात्र बदलला. "मतलई वारे म्हणजे काय?" असे न विचारता त्यांनी विचारले, "मतलई कधी सुटते, हे आपल्या वर्गात कोणाला ठाऊक आहे?" पाच हात वर झाले. त्यांत तो मुलगाही होता. तो फळ्याजवळ आला, त्याने एका बाजूस डोंगर काढला, दुसऱ्या बाजूस दर्या काढला, आणि मध्ये एक लहान होडी. मग डोंगराकडून दर्याकडे जाणारा एक लांब बाण ओढला. त्याचे बोलणे त्याच्याच बोलीत होते. शिक्षकांनी ते ऐकून घेतले आणि मग पुस्तकातील वाक्य फळ्यावर चित्राखाली लिहिले. मुलाने ते वाचले, एकवार चित्राकडे पाहिले आणि म्हटले, "ह्या तर ताच."

वहीवरचा जुना शेरा शिक्षकांनी स्वतःच्या हाताने खोडला.